‘आई, यात गुणायचं की भागायचं?’

‘बाई, माझा मुलगा चौथीत आहे. पाढे पंचविसापर्यंत तोंडपाठ. भागाकार आकड्यात दिला की बाकीसकट भराभर सोडवतो. पण तेच शाब्दिक उदाहरण म्हणून आलं की पेन्सिल चावत बसतो आणि विचारतो, “आई, यात गुणायचं की भागायचं?” सांगितलं की दोन मिनिटांत उत्तर तयार. नाही सांगितलं तर जे मनात येईल ते ठोकून देतो. क्लासच्या सरांनी वहीत लिहून दिलंय: “एकूण” आलं की गुणाकार, “प्रत्येकी”, “समान”, “वाटले” आलं की भागाकार. तरी घटक चाचणीत शाब्दिक उदाहरणांना दहापैकी तीन. त्याचे बाबा म्हणतात, नीट वाचतच नाही, लक्ष नाही. सासरे म्हणतात, आम्हाला पावकी-दीडकी पाठ होती, असले प्रश्न पडत नव्हते. मी घरून पोळीभाजीचे डबे देते. संध्याकाळी तो डब्यांत पोळ्या भरू लागतो, तिथे कधी चुकत नाही. मग वहीतच काय होतं?’
– एक आई, सांगली

ताई,

तुमच्या पत्रातली सगळ्यात कामाची गोष्ट तुम्ही शेवटी, जाता जाता लिहिलीत. डबे भरताना तो चुकत नाही. डबे भरणं हा भागाकारच आहे, म्हणजे हाताला तो येतो. कागदावर आकडे मांडून दिले तरी येतो. अडतंय ते या दोन्हींच्या मध्ये: चार ओळींची गोष्ट वाचायची आणि तिच्यातलं गणित ओळखायचं. हे काम वेगळं आहे, ते वेगळं शिकवावं लागतं आणि पाढ्यांतून ते आपोआप येत नाही. सासऱ्यांना तेवढं सांगा, पण हळूच.

असं होणारं तुमचं एकटीचं लेकरू नाही. २०२५ च्या सुरुवातीला ‘नेचर’ या नियतकालिकात अर्थतज्ज्ञ अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. कोलकाता आणि दिल्लीच्या बाजारांत विक्रीचं काम करणारी मुलं त्यात होती. ही मुलं मालाचा हिशोब आणि परत द्यायचे सुटे पैसे तोंडी चोख सांगत. तशीच आकडेमोड शाळेच्या पद्धतीने कागदावर दिली की अडखळत. बाजारात काम न करणाऱ्या शाळकरी मुलांचं नेमकं उलटं. कागदावर बरी, बाजारच्या हिशोबात अडकलेली. तुमच्या मुलाकडे दोन्ही आहे, फक्त त्या दोघांची अजून ओळख झालेली नाही.

आणि ‘कच्चा’ हा शब्द घरात कुणी वापरत असेल तर तो बंद करा. मुलांना वाचन-गणित किती येतं हे घरोघरी जाऊन तपासणाऱ्या ‘असर’च्या २०२२ च्या पाहणीत ग्रामीण भारतातल्या पाचवीच्या मुलांपैकी २५.६ टक्क्यांनाच तीन अंकी संख्येला एक अंकी संख्येने भागता आलं. तुमचा चौथीतच बाकीसकट करतोय.

आता सरांची यादी. सरांवर माझा राग नाही. मुलांचा घोळका समोर असतो, परीक्षा जवळ आलेली असते, काहीतरी झटपट हातात द्यावं लागतं. पण ही यादी मुलाला गोष्ट वाचू देत नाही, शब्द हुडकायला लावते. ‘१२ मुलांना प्रत्येकी ४ लाडू दिले, तर किती लाडू लागले?’ यात ‘प्रत्येकी’ आहे आणि करायचा गुणाकार. ‘५ वह्यांची एकूण किंमत १५० रुपये, तर एका वहीची किंमत किती?’ यात ‘एकूण’ आहे आणि करायचा भागाकार. ‘८ रांगांत समान ६ मुलं बसली, प्रत्येकाला एक पेढा वाटला, पेढे किती वाटले?’ यात तर ‘समान’, ‘प्रत्येक’ आणि ‘वाटले’ तिन्ही आहेत, तरी गुणाकार. सगळ्यात खट्याळ उदाहरण तुलनेचं असतं. ‘राजूकडे सीमाच्या तिप्पट गोट्या आहेत. राजूकडे २४ गोट्या असतील तर सीमाकडे किती?’ ‘तिप्पट’ दिसलं की हात गुणायला धावतो आणि सीमाकडे ७२ गोट्या होतात. राजूकडे सीमापेक्षा जास्त आहेत, हे वहीत कुणालाच आठवत नाही.

दहापैकी तीन गुण बहुधा याच यादीचे आहेत. जिथे शब्द योगायोगाने बरोबर पडला, तिथे उत्तर आलं.

मुलं आकड्यांच्या किती आहारी जातात याचा एक किस्सा गणित शिकवणाऱ्यांत जुना आहे. १९८० साली फ्रान्समध्ये ग्रेनोबल इथल्या अभ्यासकांनी प्राथमिक शाळेतल्या मुलांना विचारलं: एका जहाजावर २६ मेंढ्या आणि १० शेळ्या आहेत, तर कप्तानाचं वय किती? ९७ पैकी ७६ मुलांनी आकडे जुळवून कप्तानाचं वय काढून दिलं. ही मुलं मठ्ठ नव्हती. गणिताच्या तासाला दिलेला प्रश्न सुटतोच, दिलेले सगळे आकडे वापरायचेच असतात आणि ‘येत नाही’ म्हटलं की बाई रागावतात, एवढं ती शिकलेली होती. तुमच्या मुलालाही एकदा विचारून पाहा: टेम्पोत २६ कोंबड्या आणि १० बदकं आहेत, ड्रायव्हरचं वय किती? त्याने ३६ म्हटलं तर हसू नका. ‘तुला कसं कळलं?’ एवढंच विचारा आणि त्याला स्वतःला हसू फुटेपर्यंत थांबा.

मग करायचं काय? पहिलं म्हणजे त्याच्या त्या प्रश्नाचं उत्तर देणं बंद. ‘भाग’ असं तुम्ही म्हणता तेव्हा शाब्दिक उदाहरणातलं खरं काम तुम्ही केलेलं असतं. त्याच्याकडे उरते ती आकडेमोड, जी त्याला आधीपासून येते. त्याने ‘गुणायचं की भागायचं’ विचारलं की तुम्ही उलट विचारा: ‘काय माहीत आहे आणि काय माहीत नाही?’ सुरुवातीला चिडेल. चिडू द्या.

आणि हे वहीवर सुरू करू नका, डब्यांवर करा. समान वाटणीच्या कुठल्याही उदाहरणात तीनच गोष्टी असतात. डबे किती, एका डब्यात पोळ्या किती आणि सगळ्या मिळून पोळ्या किती. दोन सांगितलेल्या असतात, एक लपवलेली. समजा, संध्याकाळी २४ डबे आहेत आणि प्रत्येकात ४ पोळ्या. कणीक मळायच्या आधी विचारा, ‘किती लाटू?’ तो ९६ म्हणेल. दुसऱ्या दिवशी पोळ्या लाटून झाल्यावर विचारा, ‘या ९६ झाल्या, ४-४ घातल्या तर किती डबे भरतील?’ तिसऱ्या दिवशी: ‘९६ आहेत, डबे २४, सगळ्यांना सारख्या गेल्या पाहिजेत, एकात किती घालू?’ आकडे तेच तीन आहेत आणि गोष्टही तीच. दर वेळी फक्त वेगळा आकडा लपवलाय. हे त्याच्या ध्यानात आलं की त्यालाच म्हणा, ‘आता तू माझ्यासाठी असाच एक प्रश्न कर, एक आकडा लपवून.’ मूल प्रश्न तयार करायला लागलं की अर्धी लढाई संपते, कारण त्याला गोष्टीचा सांगाडा दिसायला लागलेला असतो.

मग वही. प्रत्येक उदाहरणाखाली तीन घरं आखायची: ‘गट किती’, ‘एका गटात किती’, ‘सगळे मिळून किती’. माहीत असलेले दोन आकडे भरायचे, उरलेल्या घरात प्रश्नचिन्ह. प्रश्नचिन्ह तिसऱ्या घरात आलं तर गुणाकार, पहिल्या दोनांपैकी कुठेही आलं तर भागाकार. शब्दांची यादी पाठ करण्यापेक्षा हे सोपं आहे आणि समान गटांची गोष्ट असेल तर फसवत नाही.

अडेल ते ‘गट’ कशाला म्हणायचं इथे. डबा, पिशवी, खोका, रांग हे गट डोळ्याला दिसतात. पण ‘१८० पानांचं पुस्तक रोज १५ पानं वाचून किती दिवसांत संपेल?’ यात गट आहे दिवस, आणि दिवसात पानं ‘भरलेली’ दिसत नाहीत. वह्यांच्या किमतीत वही हा गट आणि तिच्यात ३० रुपये. सीमा-राजूच्या गोट्यांत सीमाची अख्खी रास हा एक गट, राजूकडे तसे ३ गट, सगळे मिळून २४. अशी उदाहरणं पाठोपाठ घ्या आणि प्रत्येकात फक्त एवढंच विचारा: ‘यात डबा कोण?’ सोडवून घेऊ नका. पाच उदाहरणांत डबा ओळखला आणि एकही सोडवलं नाही, तरी अभ्यास झाला असं समजा. त्याच्या बाबांना हे पटणार नाही, वही कोरी दिसेल.

आता तुमच्या ‘मग वहीतच काय होतं?’ याचं उत्तर. भागाकार दोन प्रकारांनी होतो आणि शाळेत पहिल्यांदा ठसतो तो एकच. २० चिंचेच्या गोळ्या ५ मित्रांत वाटायच्या असतील तर मूल पत्ते वाटावेत तशी एकेक गोळी फिरवत जातं, संपेपर्यंत. प्रत्येकाकडे ४ येतात. ही वाटणी. पण २० गोळ्यांच्या ५-५ च्या पुड्या करायच्या असतील तर फिरवायचं काही नाही. ५ उचलल्या, पुडी बांधली, पुन्हा ५ उचलल्या. ४ पुड्या होतात. कागदावर दोन्हीकडे २० भागिले ५ आणि उत्तर ४, पण एकीकडे ४ गोळ्या आणि दुसरीकडे ४ पुड्या, आणि हातांची हालचाल पूर्ण वेगळी.

तुमचा मुलगा रोज करतो ते दुसरं आहे. तो पोळ्या वाटत नाही, ४-४ उचलून डबा बंद करतो. त्याच्या डोक्यात मात्र ‘भागाकार म्हणजे वाटणी’ एवढंच बसलंय, सरांच्या यादीतही ‘वाटले’ आहे, ‘भरले’ नाही. म्हणून ‘प्रत्येक डब्यात ४ पोळ्या, १०० पोळ्यांना किती डबे?’ असं पुस्तकात आलं की स्वतःचं रोजचं काम त्याला ओळखू येत नाही. तेव्हा घरात वाटणीचंही काम त्याच्याकडे द्या. शेंगदाण्याचे लाडू केले की ताटल्या मांडायच्या आणि एकेक फिरवत संपवायचे. दोन्ही करून झालं की विचारा, ‘आत्ता तू काय शोधलंस, ताटल्या किती की एका ताटलीत किती?’

आणखी एक युक्ती, फार खर्चाची नाही. उदाहरणातल्या आकड्यांवर कागदाचे तुकडे ठेवा. ‘एका शेतकऱ्याने ▢ आंबे पेट्यांत भरले. प्रत्येक पेटीत ▢ आंबे मावतात. किती पेट्या लागल्या?’ आता त्याला जुळवायला आकडेच नाहीत, त्यामुळे गोष्ट वाचावी लागते. ‘काय चाललंय सांग’ म्हणा, तुमच्या घरच्या बोलीत, पुस्तकी नको. ‘आंबे आहेत, ते पेटीत भरतायत, पेट्या मोजायच्यात’ एवढं त्याने म्हटलं की पुरे. मग पेट्यांपेक्षा आंबे जास्त असतील की कमी, हेही आकडे न बघता विचारा. त्यानंतर तुकडे उचला. सीमाच्या ७२ गोट्या इथेच पकडल्या जातात. चित्र काढायला सांगत असाल तर वर्तुळं आणि ठिपके एवढंच, हे बजावून सांगा. नाहीतर मुलं शेतकऱ्याच्या फेट्यापासून सुरू करतात आणि पेटीपर्यंत पोचेस्तोवर जेवायची वेळ होते.

आता बाकी. तुम्ही ‘बाकीसकट’ लिहिलंत म्हणून मुद्दाम सांगते, कारण पुढच्या वर्षी गुण इथे जातील. अमेरिकेत १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला १३ वर्षांच्या मुलांना देशभरच्या चाचणीत विचारलं होतं: एका बसमध्ये ३६ सैनिक बसतात, ११२८ सैनिकांना न्यायला किती बस लागतील? भागाकार ३१, बाकी १२. आकडेमोड बहुतेकांना बरोबर आली. तरी २९ टक्के मुलांनी ‘३१, बाकी १२’ असंच उत्तर लिहिलं, आणि ३२ बस म्हणणारी फक्त २३ टक्के निघाली. उरलेल्या १२ सैनिकांना रस्त्यावर उभं करून मुलं पुढच्या गणिताकडे गेली.

तुमच्याकडे याचं साहित्य रोज तयार असतं. एखाद्या दिवशी १११ पोळ्या झाल्या असं धरा. ४-४ प्रमाणे भागाकार २७, बाकी ३. पण ‘पूर्ण डबे किती भरले?’ याचं उत्तर २७. ‘घरी खायला किती उरल्या?’ याचं ३. ‘सगळ्या पोळ्या डब्यांत घालायच्याच तर डबे किती काढू?’ याचं २८. आणि ‘अठ्ठाविसावा डबाही पूर्ण भरून पाठवायचा तर अजून किती लाटू?’ याचं १. भागाकार एकच, प्रश्न चार, उत्तरं चार. ही चारही एका संध्याकाळी ओट्याशी उभ्याउभ्या विचारून होतात. कधी बाकीचीही वाटणी करता येते: ५० रुपये चौघांत वाटले तर १२ रुपये आणि वर २ रुपये उरतात, ते पन्नास-पन्नास पैसे करून वाटता येतात, पण ५० फुगे चौघांत वाटताना उरलेले २ फुगे कापता येत नाहीत. आणि कधी नुसती बाकीच हवी असते. आज मंगळवार, ३० दिवसांनी कोणता वार? ३० ला ७ ने भागलं तर भागाकार ४, त्याचा काही उपयोग नाही. बाकी २, म्हणून गुरुवार. हे कोडं मुलांना फार आवडतं, कॅलेंडर उघडून खात्री करता येते.

ताळा मात्र करायला लावा. भाजक गुणिले भागाकार, अधिक बाकी, म्हणजे भाज्य. ४ गुणिले २७, १०८. आणि ३, १११. पाढे पाठ असण्याचा खरा फायदा इथे आहे, आणि हे काम सासऱ्यांकडे सोपवा. रोज संध्याकाळी नातवाचे ताळे आजोबांनी तोंडी तपासायचे. पावकी-दीडकी आठवणाऱ्या माणसाला घरात मानाचं काम मिळेल आणि ‘आमच्या वेळी’ थोडं कमी होईल. चार सत्ते अठ्ठावीस उलटीकडूनही यायला हवं, म्हणजे ‘अठ्ठाविसात चार किती वेळा?’ असं विचारल्यावर पाढा पहिल्यापासून न म्हणता. तेही आजोबांनीच घ्यावं.

बाबांचं ‘नीट वाचत नाही’ हे अगदीच चूक नाही, तेही तपासून घ्या. उदाहरण त्याला मोठ्याने वाचायला सांगा. शब्द फोडत, अडखळत वाचत असेल तर दुखणं गणिताचं नाही, वाचनाचं आहे. मग महिनाभर उदाहरणं तुम्ही वाचून दाखवा आणि गोष्टीची पुस्तकं वाढवा. वाचतो घडाघडा पण सांगता येत नाही, असं असेल तर वरचं सगळं करा. लक्ष नाही म्हणून ओरडून यातलं काहीच सुधारत नाही.

सरांशी वाद घालू नका. मुलाला मात्र सांगा की सरांची यादी ही शंका आहे, उत्तर नाही. आधी तीन घरं भरायची, मग वाटल्यास यादी बघायची. यादी आणि घरं यांच्यात भांडण लागलं तर घरांचं ऐकायचं. दोन-तीन वेळा यादी हरलेली त्याने स्वतः पाहिली की तो आपणहून ती सोडेल.

पुढच्या चाचणीत दहापैकी दहा पडतील असं मी म्हणत नाही. तीन घरं आखायला वेळ लागतो, सुरुवातीला पेपर अपुरा राहण्याचीच शक्यता जास्त. एखादं उदाहरण सोडवायचं राहून गेलं तरी चालेल, असं आधीच सांगून पाठवा, म्हणजे घाईत पुन्हा अंदाज ठोकायला नको. आणि उत्तराच्या ओळीत नुसतं ‘२८’ लिहू नकोस, ‘२८ डबे लागतील’ असं पूर्ण लिही, हे रोज बजावा. नुसता आकडा लिहिला म्हणून कापलेल्या अर्ध्या गुणासाठी शाळेत जाऊन भांडायची वेळ आणू नका; बाई ऐकणार नाहीत, मीही ऐकलं नसतं.